घटक ४ : भूमिका, प्रतिमा आणि व्यक्ती – इंगे मायझेल या जर्मन अभिनेत्रीची कारकीर्द

४.१ प्रस्तावना

विद्यार्थिमित्रहो, मागील घटकात आपण नाट्यसंहिता आणि प्रयोग यांचा परस्परसंबंध पाहिला. संहितेतील पात्राला रंगभूमीवर देह आणि वाणी मिळते ती नटामुळे, हे तेथे आपल्या लक्षात आले. या घटकात त्याच्या पुढचा प्रश्न विचारात घ्यावयाचा आहे. एखादा कलावंत एकाच प्रकारची भूमिका वर्षानुवर्षे करीत राहिला, तर प्रेक्षकांच्या मनात त्याची एक प्रतिमा तयार होते. ही प्रतिमा कशी घडते? ती कलावंताला काय देते आणि त्याच्याकडून काय हिरावून घेते? या प्रश्नांचा विचार नुसत्या व्याख्यांच्या आधारे करण्यापेक्षा एका प्रत्यक्ष कारकिर्दीच्या आधारे करणे अधिक उपयुक्त ठरेल. त्यासाठी आपण जर्मन रंगभूमी आणि दूरचित्रवाणी या दोन्ही माध्यमांत नाव मिळविलेल्या इंगे मायझेल (१९१०–२००४) या अभिनेत्रीची निवड केली आहे. पश्चिम जर्मनीतील प्रेक्षक तिला ‘राष्ट्राची आई’ म्हणत असत. या बिरुदामागील वास्तव मात्र बरेच गुंतागुंतीचे आहे.

४.२ जन्म, शिक्षण आणि पहिली पावले

इंगे मायझेल हिचा जन्म ३० मे १९१० रोजी रिक्सडॉर्फ येथे झाला. पुढे १९१२ मध्ये या वस्तीचे नाव नॉयकोल्न असे बदलण्यात आले आणि १९२० मध्ये ती बर्लिन महानगरात समाविष्ट झाली. इंगेचे वडील ज्यू व्यापारी होते, तर आई मूळची डेन्मार्कची होती. वडिलांचा हा वारसा तिच्या आयुष्यात पुढे किती निर्णायक ठरला, हे आपण लवकरच पाहू.

शालेय शिक्षण अर्ध्यावर सोडून तिने अभिनयाकडे वळण्याचा निर्णय घेतला. बर्लिनमध्ये इल्का ग्र्यूनिंग आणि लुसी हॉफ्लिश या दोन नामवंत अभिनेत्रींकडे तिने १९२८ ते १९३० या काळात शिक्षण घेतले. १९३० मध्ये त्स्विकाउ या सॅक्सनीतील शहरात तिने व्यावसायिक रंगभूमीवर पदार्पण केले व त्यानंतर लाइपझिग येथे काम केले.

येथे जर्मन नाट्यव्यवस्थेचे एक वैशिष्ट्य ध्यानात घ्यावे. जर्मनीत लहानमोठ्या अनेक शहरांचे स्वतःचे नाट्यगृह आणि वेतनावर नेमलेला नटसंच असतो. नवोदित नट प्रथम लहान शहरात उमेदवारी करतो आणि टप्प्याटप्प्याने मोठ्या शहराकडे सरकतो. इंगेची वाटचाल याच रीतीने सुरू झाली होती.

४.३ बारा वर्षांची बंदी

जानेवारी १९३३ मध्ये हिटलर सत्तेवर आला. त्याच वर्षी कलाक्षेत्रावर नियंत्रण ठेवणारी राजकीय मंडळे स्थापन झाली आणि त्यांचे सदस्यत्व असल्याखेरीज कोणालाही व्यवसाय म्हणून अभिनय करता येईनासा झाला. पिता ज्यू असल्यामुळे राजवटीच्या वंशवादी वर्गवारीनुसार इंगे ‘अर्ध-ज्यू’ ठरली. तिला रंगभूमीचे दार बंद झाले.

या काळात ती प्रथम डान्झिग आणि नंतर हॅम्बुर्ग येथे राहिली. पोटासाठी तिने दूरध्वनी केंद्रात जोडणी करून देण्याचे आणि तांत्रिक आराखडे काढण्याचे काम केले. तिचे वडील लपून राहिल्यामुळे वाचले. लाखो ज्यूंना ते भाग्य लाभले नाही.

या बारा वर्षांचा कलेच्या दृष्टीने काय अर्थ होतो, हे तुम्ही थोडे थांबून पाहावे. बंदी आली तेव्हा इंगे बावीस वर्षांची होती. ती उठली तेव्हा ती पस्तिशीला टेकली होती. अभिनेत्रीच्या आयुष्यात हीच वर्षे तरुण नायिकांची असतात. प्रेयसी, नववधू, बंडखोर कन्या अशा ज्या भूमिकांतून एखादी अभिनेत्री स्वतःला घडविते, त्या तिच्या वाट्याला आल्याच नाहीत. राजवट कोसळली आणि रंगमंच परत मिळाला. गेलेले वय परत मिळणे शक्य नव्हते. पुढे ती ‘आई’ म्हणून प्रसिद्ध झाली, यामागे तिची अभिनयप्रकृती होतीच. तथापि इतिहासाने केलेली ही वजाबाकीही विसरता येणार नाही.

४.४ पुनरागमन : हॅम्बुर्ग ते बर्लिन

१९४५ मध्ये विली मार्टेन्स यांनी तिला हॅम्बुर्ग येथील थालिया नाट्यगृहात घेतले आणि पुढील सुमारे दहा वर्षे ती तेथे होती. याच शहरात तिचा परिचय जॉन ओल्डेन या ऑस्ट्रियन दिग्दर्शकाशी झाला. युद्धानंतर तो ब्रिटिश प्रशासनाकडून नाट्यव्यवहाराची देखरेख करण्यासाठी आला होता. १९५६ मध्ये दोघांचा विवाह झाला. इंगेचा हा दुसरा विवाह होय.

तिला व्यापक कीर्ती मिळाली ती पन्नाशीच्या उंबरठ्यावर. सुमारे १९६० मध्ये बर्लिनच्या हेबेल नाट्यगृहात कुर्ट फ्लाटोव आणि होर्स्ट पिलाउ यांचे ‘दास फेन्स्टर त्सुम फ्लूर’, म्हणजे ‘बोळाकडे उघडणारी खिडकी’, हे नाटक आले. त्यात तिने आनी वीझ्नर ही इमारतीची रखवाली करणारी स्त्री साकारली. आपण खाली राहिलो, पण मुलांनी वर चढलेच पाहिजे, या एका ध्यासाने आनीने संसार केला आहे. मुलांना काय हवे आहे, हे विचारण्याची गरज तिला वाटत नाही. शेवटी या ध्यासाची किंमत साऱ्या घराला मोजावी लागते. १९६२ मध्ये या नाटकावर चित्रपट निघाला, त्यातही ही भूमिका तिच्याकडेच होती.

त्याच वर्षी गेरहार्ट हाउप्टमान यांच्या ‘डेअर बीबरपेल्त्स’ या प्रसिद्ध सुखात्मिकेच्या दूरचित्रवाणी रूपात तिने वोल्फबाई ही धोबीण केली. दिग्दर्शन ओल्डेनचे होते. ही वोल्फबाई कष्टाळू आहे, लेकुरवाळी आहे आणि सराईत चोरही आहे. अधिकाऱ्याच्या नाकाखालून चोरी पचवून ती त्याच्याच तोंडून आपल्या प्रामाणिकपणाची प्रशस्ती ऐकते. आई म्हणजे केवळ वात्सल्य, ही सोपी समजूत या भूमिकेत कोठेच टिकत नाही.

४.५ दूरचित्रवाणीवरील आई

पश्चिम जर्मनीत राष्ट्रव्यापी दूरचित्रवाणी १९५४ मध्ये सुरू झाली आणि १९६३ पर्यंत देशभर पाहता येणारी एकच प्रमुख वाहिनी होती. १९६३ मध्ये दुसरी आली. वाहिन्या इतक्या थोड्या असल्यामुळे एकच कार्यक्रम देशातील फार मोठा प्रेक्षकवर्ग एकाच संध्याकाळी पाहत असे. दुसऱ्या दिवशी कचेरीत आणि दुकानात त्याचीच चर्चा होई. एखादा नट ‘राष्ट्राचा’ होणे हे अशा परिस्थितीतच शक्य होते.

१९६५ मध्ये रोबर्ट स्ट्रोमबेर्गर यांनी लिहिलेल्या ‘डी उनफरबेसरलिशन’ या मालिकेचा पहिला भाग प्रक्षेपित झाला. या शीर्षकाचा अर्थ ‘सुधारणेपलीकडची माणसे’ असा होतो. १९७१ पर्यंत तिचे एकूण ७ भाग झाले. दरवर्षी एक, तोही मातृदिनी. प्रत्येक भाग म्हणजे पूर्ण लांबीचे नाटकच होते. शोल्त्स हे साधे, खालच्या मध्यमवर्गातील कुटुंब. त्यातील केथे शोल्त्स ही गृहिणी इंगे मायझेलने केली आणि तिचा पती कुर्ट हा योझेफ ओफेनबाख यांनी.

मातृदिनाला फुले आणि गोड शब्द देण्याची प्रथा असताना ही मालिका प्रेक्षकांना काय दाखवीत होती? पैशांची ओढाताण, दुरावलेली मुले, एकमेकांना न सांगितलेल्या गोष्टी आणि सर्वांची काळजी वाहता वाहता सर्वांवर सत्ता गाजवू पाहणारी आई. केथे प्रेमळ आहे, पण टोचून बोलते. ती घर सावरते आणि घुसमटवितेही. लेखकाने कुटुंबसंस्थेची चिकित्सा केली. प्रेक्षकांनी मात्र तिच्यात आपल्या घरातली आई पाहिली आणि तिला आपलेसे केले.

हे घडले त्यात अभिनयशैलीचा मोठा वाटा होता. तुम्ही अभ्यासलेल्या संज्ञा वापरायच्या तर इंगेचे बळ प्रामुख्याने वाचिक अभिनयात होते. बर्लिनच्या बोलीचा ठसका, झटपट उत्तर देण्याची ढब आणि भावुक क्षणीही कोरडा राहणारा स्वर यांमुळे तिचे पात्र कधी रडवेले होत नसे. ‘गेर्ट्रूड श्ट्रानित्स्की’ आणि ‘इडा रोगाल्स्की’ या मालिकांनी तिची हीच ओळख आणखी पक्की केली.

४.६ बिरुद आणि बाई

आता आपण मूळ प्रश्नाकडे येऊ. पडद्यावर साऱ्या देशाची आई झालेल्या या अभिनेत्रीला स्वतःचे मूल नव्हते. मालिका सुरू झाली त्याच वर्षी, १९६५ मध्ये, ओल्डेन निवर्तला. त्यानंतर तिने पुन्हा विवाह केला नाही.

‘राष्ट्राची आई’ या शब्दांतून सुचणारी सोशीक आज्ञाधारकताही तिच्यात नव्हती. १९७८ मध्ये ‘स्टर्न’ या साप्ताहिकाच्या मुखपृष्ठांवरील स्त्रीदेहाच्या चित्रणाविरुद्ध १० स्त्रियांनी हॅम्बुर्गच्या न्यायालयात दावा दाखल केला. स्त्रीवादी पत्रकार आलिस श्वार्त्सर त्यात अग्रणी होती आणि वादींमध्ये इंगे मायझेलही होती. दावा फेटाळला गेला, परंतु त्यामुळे देशभर चर्चा घडून आली. १९८१ मध्ये तिने शासनाचा मानाचा किताब नाकारला. माणसाने सभ्यपणे आयुष्य काढले, एवढ्यासाठी पदक कशाला, अशी तिची भूमिका होती. उत्तरायुष्यात तिने सन्मानाने मरण्याच्या हक्काचा जाहीर पुरस्कार केला. १९९१ मध्ये तिचे आत्मकथन प्रसिद्ध झाले.

येथे एक गोष्ट बारकाईने पाहण्यासारखी आहे. तिच्या मतांकडे लोकांचे लक्ष गेले ते ‘आई’ या प्रतिमेमुळेच. अनोळखी बंडखोराला जे सहज नाकारता आले असते, ते घरच्या वाटणाऱ्या बाईने सांगितल्यावर निदान ऐकून घ्यावे लागले. म्हणजे जी प्रतिमा तिला एका चौकटीत बसवीत होती, तीच चौकटीबाहेर बोलण्याचे बळही देत होती.

नव्वदीनंतरही तिने ‘पोलिट्सायरूफ ११०’ या गुन्हेकथांच्या मालिकेत काम केले. १० जुलै २००४ रोजी, वयाच्या ९४ व्या वर्षी, हॅम्बुर्गजवळील आपल्या घरी तिचे निधन झाले. ओल्सडॉर्फच्या दफनभूमीत ती ओल्डेनशेजारी विसावली आहे.

४.७ समारोप

या कारकिर्दीवरून तीन निष्कर्ष काढता येतात. पहिला असा की, कलावंताची प्रतिमा केवळ त्याच्या गुणांतून घडत नाही. तिच्यात इतिहास, माध्यमाची रचना आणि प्रेक्षकांची गरज यांचाही वाटा असतो. दुसरा असा की, लेखकाने पात्रातून मांडलेली टीका आणि प्रेक्षकाने त्या पात्रावर केलेले प्रेम यांत अंतर पडू शकते. तिसरा निष्कर्ष असा की, कलावंत आपल्या प्रतिमेचा बंदी असतोच असे नाही, तो तिचा वापरही करू शकतो. यापुढे एखाद्या नटाला ‘ठरावीक भूमिकांचा’ म्हणताना ती भूमिका त्याने निवडली की परिस्थितीने त्याच्यासमोर तेवढीच शिल्लक ठेवली, हा प्रश्न तुम्ही अवश्य विचारावा.

४.८ स्वयं-अध्ययनासाठी प्रश्न

१. १९३३ ते १९४५ या काळातील बंदीचा इंगे मायझेलच्या पुढील भूमिकांवर कोणता परिणाम झाला असावा, ते स्पष्ट करा.
२. केथे शोल्त्स या पात्राकडे लेखकाची दृष्टी आणि प्रेक्षकांची दृष्टी यांतील फरक सांगा.
३. ‘प्रतिमा ही कलावंताची मर्यादा असते तशीच शक्तीही असते.’ या विधानाची चर्चा तुम्ही पाहिलेल्या एखाद्या मराठी नट अथवा नटीच्या कारकिर्दीच्या आधारे करा.