सुलू बेटांवर स्थायी डिव्हिजनने काय साधले?

फिलिपिन्सच्या दक्षिण टोकाच्या सुलू द्वीपसमूहात ‘अबू सय्याफ’ ही बंडखोर संघटना तीन दशके तग धरून होती. खंडणीसाठी अपहरण हा तिचा मुख्य धंदा. २००० मध्ये मलेशियाच्या सिपादान बेटावरून २१ जणांना पळवून तिने जोलो बेटावर डांबले होते. लष्कराने चढाई केली की बंडखोर जंगलात शिरत किंवा नौकांनी शेजारच्या बेटांवर जात. कारवाई ओसरताच परतत. त्यामुळे डिसेंबर २०१८ मध्ये खास सुलूसाठी ११वी पायदळ डिव्हिजन उभारण्यात आली आणि तिचे मुख्यालयही जोलोतच ठेवले गेले.

आरंभ रक्तरंजित होता. पुढच्याच महिन्यात जोलोच्या कॅथेड्रलमध्ये दोन स्फोट झाले. ऑगस्ट २०२० मध्ये शहर पुन्हा हादरले. तथापि, निर्णायक ठरला तो गावागावांतील सततचा वावर. बंडखोरांचे आप्तेष्ट याच गावांत राहत. त्यांच्या व स्थानिक नेत्यांच्या मध्यस्थीने अनेकांनी शस्त्रे खाली ठेवली. निव्वळ बंदुकीने हे घडले नसते. सप्टेंबर २०२३ मध्ये सुलू ‘अबू सय्याफमुक्त’ घोषित झाला. शरणागतांची उपजीविका आणि घरोघरची बेकायदा शस्त्रे हे प्रश्न मात्र त्या घोषणेने मिटले नाहीत.