घरची यादवी आणि परक्याची फौज

नाशिकनजीक गोदातीरीं वसलेल्या आनंदवल्लीशीं रघुनाथराव पेशवे व आनंदीबाई यांचें नांव निगडित आहे, हें आमच्या वाचकांस ठाऊक असेलच. यादवी माजली असतां परक्या सैन्यास पाचारण करावें कीं नाहीं, या प्रश्नाचा विचार करितांना या घराण्याचाच इतिहास आम्हांस प्रथम आठवतो.

रघुनाथराव पराक्रमी होते. १७५८ सालीं त्यांच्या नेतृत्वाखालीं मराठे लाहोरांत शिरले. परंतु १७७३ सालीं नारायणरावांचा वध झाल्यावर बारभाईंनीं त्यांस पदच्युत केलें. तेव्हां मार्च १७७५ मध्यें त्यांनीं सुरतेस मुंबईकर इंग्रजांशीं तह केला. इंग्रजांनीं अडीच हजार फौज द्यावी. तिचा खर्च रघुनाथरावांनीं सोसावा व शिवाय साष्टी आणि वसई द्यावी, असें ठरलें. पुढें १७७९ सालीं वडगांव येथें इंग्रज पराभूत झाले. तथापि १७८२ च्या सालबाईच्या तहानें साष्टी त्यांच्याकडेच राहिली. रघुनाथरावांच्या वांट्यास मात्र केवळ नेमणूक आली. ज्याच्यासाठीं रण माजलें त्यास गादी नाहीं, आणि साहाय्यकास मात्र मोबदला!

पित्याच्या अनुभवानें पुत्र शहाणा झाला नाहीं. ऑक्टोबर १८०२ मध्यें यशवंतराव होळकरांनीं पुण्यानजीक पराभव करितांच दुसऱ्या बाजीरावांनीं ३१ डिसेंबरास वसईचा तह केला. तैनाती फौज आली, तिच्या खर्चास २६ लक्ष रुपये उत्पन्नाचा मुलूख गेला. गादी परत मिळाली खरी. परंतु १८१८ सालीं पेशवाईच बुडाली, आणि त्याच वर्षीं आपल्या जिल्ह्यांतील त्र्यंबकगडही इंग्रजांच्या हातीं गेला.

मग बाहेरचें साहाय्य सदैव त्याज्यच काय? आम्हांस तसें वाटत नाहीं. १९७१ सालीं पूर्व पाकिस्तानांत घोर अत्याचार होऊन लक्षावधि निर्वासित भारतांत आले. डिसेंबरांत आपल्या सैन्यानें तेथील युद्ध संपविलें आणि मार्च १९७२ मध्यें तें परतलें. उलट, १९८७ सालीं श्रीलंकेंत शांततेसाठीं गेलेलें आपलेंच सैन्य तेथील यादवींत गुंतलें, व १९९० सालीं परतेपर्यंत अकराशेंहून अधिक जवान कामीं आले. हेतु चांगला असला म्हणजे परिणाम चांगला होतोच, असें नाहीं.

म्हणून विद्यार्थिमित्रहो, तीन प्रश्न विचारावे: येणाऱ्याचा खर्च कोण सोसणार? तो मोबदल्यांत काय नेणार? आणि तो परत केव्हां जाणार? यांपैकीं शेवटच्या प्रश्नाचें निश्चित उत्तर मिळत नसेल, तर घरांतल्या घरांत कांहीं सोडून देऊन केलेला समेटच बहुधा स्वस्त पडतो.