जलपर्णीवर गाजरगवताचा उतारा

जबलपूरच्या अधारताल भागाला गोंड राजवटीतल्या तलावाचे नाव आहे. देशातल्या तणांचा अभ्यास करणारी मोठी सरकारी संस्था याच भागात आहे. १९८९ मध्ये ती राष्ट्रीय तण विज्ञान संशोधन केंद्र म्हणून सुरू झाली, आता तिला तण संशोधन निदेशालय म्हणतात. १९९०च्या दशकात तिथे दोन तणांची झुंज लावली गेली. दोन्ही तणे आपल्या चांगल्याच ओळखीची आहेत.

पहिले गाजरगवत. त्याची भारतातली पहिली ठळक नोंद १९५५ सालची, तीही पुण्यातली. त्याच्या स्पर्शाने अंगावर उठणाऱ्या चट्ट्यांवर पुण्याचे डॉ. लोणकर आणि त्यांच्या परदेशी सहकाऱ्यांनी १९७४ मध्ये शोधनिबंध लिहिला. या त्रासामागचे मुख्य द्रव्य पार्थेनिन. ते शेजारच्या रोपांनाही वाढू देत नाही. दुसरी जलपर्णी, मुळा-मुठा आणि पंचगंगेवर हिरवी चादर पसरणारी.

डी. के. पांडे आणि त्यांच्या सहकाऱ्यांना प्रश्न पडला, की पहिले तण दुसऱ्याला मारेल का? त्यांनी गाजरगवताच्या सुक्या पानांची पूड पाण्यात घातली आणि त्या पाण्यात जलपर्णी वाढवली. लिटरला पाच ग्रॅम पूड पडली की महिनाभरात जलपर्णी मरत होती. १९९३ मध्ये हे निष्कर्ष प्रसिद्ध झाले.

बहुतेक बातम्या इथेच संपतात. ‘अमुक पाल्याचा अर्क तमुक रोगावर गुणकारी’ एवढाच मथळा होतो. खरे काम मात्र इथून पुढे सुरू होते. पानांच्या पुडीत कितीतरी पदार्थ असतात, त्यातला कोणता मारतो? पाला कुजताना पाण्यातला प्राणवायू संपतो, त्यानेच रोप गेले नसेल ना? दाट अर्क मुळांतले पाणी नुसत्या दाटपणानेही ओढून घेऊ शकतो. म्हणून अशा चाचणीत साध्या पाण्यातली रोपे तुलनेला लागतातच. शिवाय अर्काइतकेच दाट, पण निरुपद्रवी द्रावणही लावून पाहावे लागते. अर्काच्या गुणांचा दावा वाचला की मी आधी ही तुलना शोधतो. ती नसेल तर तो आकडा मला पटत नाही.

पांडे यांनी पुढे शुद्ध पार्थेनिनच वापरले. १९९६ च्या निबंधानुसार पाण्याच्या दहा लाख भागांत शंभर भाग पार्थेनिन जलपर्णीला मारक ठरले. ती कशी मरते हेही त्यांनी बारकाईने पाहिले. घाव मुळांवर बसतो. पेशींची आवरणे फाटतात, आतली द्रव्ये पाण्यात झिरपू लागतात, मुळांतल्या श्वसनाशी निगडित विकरांचे काम थांबते. रोप पाणी ओढेनासे होते. मग पाने कडेकडून सुकत जातात आणि त्यांचा हिरवा रंग ओसरतो.

मग हा पाला तलावात का टाकू नये? हिशोब करून पाहा. एक हेक्टर पसरलेल्या, मीटरभर खोल तळ्यात एक कोटी लिटर पाणी असते. लिटरला पाच ग्रॅम म्हणजे पन्नास टन सुकी पूड! एवढा पाला पाण्यात कुजला तर मासे गुदमरतील. त्यातून पार्थेनिन टिकाऊही नाही. मातीतले सूक्ष्मजंतू ते फोडून टाकतात. निर्जंतुक केलेल्या मातीत ते जास्त काळ टिकते, यावरून हे काम कोणाचे ते कळते.

सूक्ष्मजंतूंनाच गाजरगवतावर सोडण्याचे प्रयत्नही जबलपुरात झाले. राणी दुर्गावती विद्यापीठात गाजरगवतावर रोग पाडणाऱ्या बुरशी तपासल्या गेल्या. अशा चाचणीत रोगट पानातली बुरशी वेगळी करून बशीत वाढवतात आणि निरोगी रोपावर सोडतात. रोग उमटला की त्या रोपातून तीच बुरशी पुन्हा हाती यावी लागते. त्यानंतरची परीक्षा सर्वांत अवघड असते. हीच बुरशी आसपासच्या पिकांवर सोडून पाहायची. स्क्लेरोशियम रॉल्फ्साय ही बुरशी गाजरगवत मारते, पण भुईमुगाची खोडकूजही तीच करते. शेतकऱ्याच्या हाती ती द्यायची कशी?

मला यातली सर्वांत मोलाची गोष्ट वेगळीच वाटते. सूक्ष्मजंतू पार्थेनिन फोडतात म्हणून ते तणनाशक म्हणून पांगळे पडते, आणि त्यांच्याच बळावर गाजरगवताचे खत होऊ शकते. जबलपूरचे निदेशालय शेतकऱ्यांना ते शिकवते. फुलोरा येण्याआधी, हातमोजे घालून रोपे मुळासकट उपटायची. सुमारे तीन फूट खोल खड्ड्यात त्यांचे थर रचायचे. प्रत्येक थरावर शेणकाला आणि माती टाकायची, जमल्यास ट्रायकोडर्मा बुरशीही. वरून खड्डा लिंपून टाकायचा. चार-पाच महिन्यांत खत तयार होते. फुलोरा आलेली रोपे मात्र खड्ड्यात नकोत, कारण एकेक झाड हजारो बिया धरते आणि नीट न तापलेल्या खतातून त्या थेट शेतात पोचतात.