लग्नाच्या व्हिडिओतली डीएलएल

मंगलाष्टका संपतात, अक्षता पडतात. लग्नाच्या व्हिडिओत नेमक्या त्या क्षणी चित्र संथ होतं, कडांवर सोनेरी धूसरपणा पसरतो आणि वधूवरांची नावं गिरक्या घेत पडद्यावर येतात. तालुक्याच्या गावचा स्टुडिओवाला या सगळ्याला 'मिक्सिंग' म्हणतो. बघणाऱ्यांना वाटतं, ही करामत एडिटिंगच्या सॉफ्टवेअरची. पण यातला बराचसा झगमगाट त्या सॉफ्टवेअरच्या कंपनीने लिहिलेलाच नसतो. तो प्लगइनमधून येतो, आणि विंडोजवर प्लगइन म्हणजे बहुतेक वेळा एक डीएलएल फाईल.

ही फाईल स्वतःहून चालत नाही. दोनदा क्लिक केलं तरी काही घडत नाही. तिच्यात फक्त तयार कामं भरून ठेवलेली असतात, बोलावणारा कुणीतरी दुसरा लागतो. शिवाय ती वेगवेगळी नावं लावून फिरते. एव्हरी ली यांच्या व्हर्च्युअलडबमध्ये तिच्या नावापुढे व्हीडीएफ लागतं, आफ्टर इफेक्ट्समध्ये एईएक्स, प्रीमिअरमध्ये पीआरएम. शेपूट बदललं तरी आत डीएलएलच. लिनक्सवर तिचं काम 'एसओ' फाईल करते.

पूर्वी प्रत्येक सॉफ्टवेअरची बोलावण्याची तऱ्हा निराळी होती. त्यामुळे चित्र धूसर करण्याचा एकच इफेक्ट लिहिणाऱ्याला तो प्रत्येकासाठी नव्याने बांधावा लागे. 2004 मध्ये द फाउंड्री या ब्रिटिश कंपनीतल्या ब्रूनो निकोलेटी यांनी यावर ओपनएफएक्स नावाचा खुला करार मांडला. आज न्यूक, डाविंची रिझॉल्व्ह, वेगस अशी एकमेकांशी स्पर्धा करणारी सॉफ्टवेअरं तो पाळतात. 2023 पासून त्याची देखभाल अकॅडमी सॉफ्टवेअर फाउंडेशनकडे आहे.

करार आश्चर्य वाटावं इतका साधा आहे. सॉफ्टवेअर सुरू होताना ठरलेल्या फोल्डरमध्ये डोकावतं, सापडेल ती ओएफएक्स फाईल उघडतं आणि आधी विचारतं, 'तुझ्यात इफेक्ट किती?' मग एकेकाची ओळख करून घेतं: नाव काय, कोणते आकडे बदलता येतात, किती ते किती. आपल्याला पडद्यावर दिसणाऱ्या सरकपट्ट्या या उत्तरांवरून तयार होतात. खरं काम त्यानंतरचं. सॉफ्टवेअर एक फ्रेम स्मृतीत मांडतं, तिचा पत्ता प्लगइनला देतं आणि बदललेली फ्रेम परत मागतं. 1920 गुणिले 1080 च्या एका फ्रेममध्ये 20,73,600 ठिपके असतात. आपल्याकडे सेकंदाला 25 फ्रेम धरल्या, तर तीन तासांच्या लग्नात 2,70,000 फ्रेम होतात. सोनेरी धूसरपणा सगळ्या लग्नावर लावा असा यजमानांचा आग्रह असेल, तर ही देवघेव तितक्या वेळा होणार. रेंडर रात्रभर का चालतो, ते यावरून कळावं. एवढा हट्ट मात्र करू नये, मुहूर्तापुरता इफेक्ट पुरे.

सारा डोलारा विश्वासावर उभा आहे. बाहेरच्या आचाऱ्याला स्वयंपाकघराबरोबर सगळ्या घराच्या किल्ल्या द्याव्यात, तसं हे आहे. डीएलएल साधारणपणे सॉफ्टवेअरच्याच स्मृतीत राहते, त्यामुळे तिने एक चुकीचा पत्ता गाठला की तिच्यासकट अख्खं सॉफ्टवेअर कोसळतं आणि सेव्ह न केलेलं काम जातं. चोरून मिळवलेला 'क्रॅक' प्लगइन धोकादायक असतो तो याच कारणाने: सॉफ्टवेअरला डिस्कवर जे करता येतं, ते ती फाईलही करू शकते. हजार-दोन हजार वाचवायला ग्राहकांच्या लग्नांनी भरलेली हार्डडिस्क पणाला लावण्यात शहाणपण नाही.

2010 मध्ये सीएस5 ही आवृत्ती आली आणि प्रीमिअर व आफ्टर इफेक्ट्स दोन्ही फक्त 64-बिट झाले. 64-बिट प्रोग्रामला 32-बिट डीएलएल आपल्यात घेता येत नाही, म्हणून जुने प्लगइन एका फटक्यात निकामी झाले. ज्यांच्या लेखकांनी नवी फाईल बांधली ते तरले. बाकीच्यांपायी जुने प्रोजेक्ट उघडायला जुना संगणकच हाताशी ठेवावा लागला.

मराठी माणसाची खरी परीक्षा मात्र टायटलमध्ये असते. 'चि.' लिहिताना संगणक आधी च साठवतो, मग वेलांटी. पडद्यावर वेलांटी च च्या आधी यायला हवी. 'वऱ्हाड' मधल्या ऱ ला युनिकोडमध्ये 0931 असा स्वतंत्र क्रमांक आहे. हलन्त होऊन पुढच्या ह ला भेटला की तो आडव्या रेघेसारखा दिसला पाहिजे. ही फेरमांडणी करणारी लायब्ररी वेगळी असते. विंडोज 2000 पासून यूएसपी10 ही डीएलएल ते करत आली, खुल्या जगात हार्फबझ करते. टायटलच्या प्लगइनने अशा लायब्ररीची मदत घेतलीच नसेल, तर वेलांटी भलतीकडे जाते आणि वऱ्हाडाचे तुकडे होतात. प्रीमिअरच्या 'प्रेफरन्सेस'मध्ये 'साउथ एशियन' मजकूर-यंत्रणा निवडली की त्याचं स्वतःचं टायटल सुधारतं. स्वतःची अक्षरं स्वतः रेखाटणाऱ्या बाहेरच्या प्लगइनला मात्र त्या निवडीचा उपयोग नसतो.

स्टुडिओंनी यावर दोन वाटा काढल्या. एक, श्रीलिपीसारखे जुने फॉन्ट, ज्यांत इंग्रजी अक्षरांच्या जागी मराठी आकार बसवलेले असत. सॉफ्टवेअरला ती इंग्रजीच वाटायची, म्हणून मोडतोड नाही. पण तो फॉन्ट नसलेल्या संगणकावर प्रोजेक्ट उघडला की वधूचं नाव म्हणून इंग्रजी अक्षरांची खिचडी दिसायची. दुसरी वाट म्हणजे फोटोशॉपमध्ये नाव लिहून पारदर्शक पीएनजी आणायची. ती दिसते उत्तम, पण मजकूर चित्र होऊन बसतो. वराच्या मामांचं आडनाव चुकलं, तर पुन्हा फोटोशॉप, पुन्हा पीएनजी, पुन्हा रेंडर.

म्हणून टायटलचा प्लगइन विकत घेण्याआधी त्याच्या चाचणी आवृत्तीत 'चि. सौ. कां.' आणि 'वऱ्हाड' लिहून बघावं. विक्रेत्याच्या जाहिरातीतली अक्षरं बहुधा इंग्रजी असतात.