प्रभातची जुळी चित्रे

दाल बाजारात दिवसभर हिंदीत भाव ठरवावयाचा आणि सायंकाळी उंबऱ्याच्या आत मराठीत बोलावयाचे, हा ग्वाल्हेरच्या लष्करातील कित्येक मराठी घरांचा पिढ्यान्‌पिढ्यांचा परिपाठ. एकच गोष्ट दोन भाषांत सांगितली की तिच्या दोन गोष्टी होतात, हे आपणांस कोणी शिकवावे लागत नाही. तरीही प्रभातचे जुने चित्रपट या दृष्टीने पाहिले म्हणजे विस्मय वाटतो.

१९२९ साली कोल्हापुरात स्थापन झालेल्या आणि १९३३ मध्ये पुण्यास आलेल्या प्रभात फिल्म कंपनीने आपले अनेक चित्रपट मराठी व हिंदी अशा दोन्ही भाषांत काढले. चित्र तेच ठेवून आवाज तेवढा पालटण्याची आजची रीत तेव्हा नव्हती. प्रसंग एकदा मराठीत आणि पुन्हा हिंदीत असा चित्रित होई.

व्ही. शांताराम यांचा १९३७ चा ‘कुंकू’ घ्या. वृद्धाशी फसवून लग्न लावलेली नीरा त्याला पती मानण्यास नकार देते. हिंदीत याचेच नाव ‘दुनिया न माने’. शांता आपटे आणि केशवराव दाते दोहोंतही तेच. पण मराठी नाव नीरेच्या कपाळाकडे पाहावयास लावते, हिंदी नाव तिच्याभोवतीच्या जगाकडे. ना. ह. आपटे यांच्या मूळ कादंबरीचे नाव ‘न पटणारी गोष्ट’. म्हणजे हिंदी नावच मुळाला अधिक जवळचे! मात्र ‘कुंकवाचा धनी’ हा शब्दप्रयोग कानांत असलेल्या माणसाला ‘कुंकू’ एवढ्या दोन अक्षरांत जो पेच दिसतो, तो हिंदीत दिसत नाही. ‘सिंदूर’ म्हणूनही तो साधला नसता. सिंदूर भांगात, कुंकू कपाळी. आमच्या नव्या पिढीला हा शब्दप्रयोग समजावून सांगावा लागतो, आणि समजावून सांगितलेला पेच निम्मा सुटलेलाच असतो.

१९३९ चा ‘माणूस’ हिंदीत ‘आदमी’ झाला. माणूस म्हटले की मागोमाग माणुसकी येते. इकडे बाजारात कष्टकरी बाई ‘मेरा आदमी’ म्हणते ती नवऱ्याला. पोलीस शिपाई आणि वेश्या यांच्या न होऊ शकलेल्या संसाराच्या कथेला हा अर्थ किती बोचरा आहे!

परंतु खरा फरक १९४१ च्या ‘शेजारी’ व ‘पडोसी’ यांत आहे. एक हिंदू आणि एक मुसलमान, जिवलग शेजारी; धरणावरून दुरावलेले आणि ते धरण फुटताना पुन्हा एक झालेले. मिर्झाची भूमिका दोन्ही चित्रपटांत गजानन जागीरदारांची. मराठीत त्यांच्यासमोर केशवराव दाते आहेत, हिंदीत मजहर खान. म्हणजे ‘पडोसी’त हिंदू नट मुसलमान झाला आहे आणि मुसलमान नट हिंदू ठाकूर. फाळणीच्या सहा वर्षे आधी नटांची नावे जाणणाऱ्या प्रेक्षकाने ही अदलाबदल पडद्यावर पाहिली. मराठी ‘शेजारी’त ती नाही, तेथे दोघेही नट हिंदूच.

वाचकांपैकी कोणास दोन्ही पाहण्याचा योग आला, तर ‘शेजारी’ आधी पाहावा. दात्यांचा अभिनय मनात ताजा असतानाच मजहर खानांचा ठाकूर पाहिला, म्हणजे त्या भूमिकेत काय अधिक आले ते कळते.