पाय न भिजवणारा पूल

मुंबईहून नागपूरमार्गे कोलकात्याला जाणारी गाडी हावड्याला येऊन थांबते. खरे तर कोलकाता शहर तिथे अजून आलेलेच नसते, ते हुगळी नदीच्या पलीकडच्या काठावर. स्टेशनाबाहेर पडले, की पोलादाचा एक प्रचंड सांगाडा आभाळात चढलेला दिसतो. तोच हावडा पूल.

१९८७ साली कचेरीच्या कामासाठी मी तिथे पहिल्यांदा गेलो. सामान हमालाच्या डोक्यावर दिले आणि पूल पायीच ओलांडायचे ठरवले. पेशाने मी इंजिनिअर. पुस्तकात वाचलेले असूनही कठड्यावरून वाकून खात्री करून घेतली. खरोखरच नदीच्या पात्रात एकही खांब नव्हता!

असा पूल का बांधावा लागला? याआधी तिथे १८७४ साली बांधलेला पूल होता. सर ब्रॅडफर्ड लेस्ली यांनी रचलेला तो पूल तराफ्यांवर तरंगत असे. मोठे जहाज आले, की मधला २०० फुटांचा भाग बाजूला काढायचा. तोवर दोन्ही काठांवर माणसे आणि बैलगाड्या खोळंबून राहायच्या. शहर वाढले तसा हा खोळंबा असह्य झाला. १९२१ साली सर आर. एन. मुखर्जी यांच्या अध्यक्षतेखाली इंजिनिअरांची समिती नेमली गेली. अडचण मोठी होती. हुगळीला समुद्राची भरती-ओहोटी आणि तिच्या पाण्यात गाळ फार. पात्रात खांब रोवले, तर प्रवाह अडणार, गाळ साचणार आणि बंदराची वाट बुजणार. म्हणजे नदीत पाय न ठेवता नदी ओलांडायची! शेवटी निवड झाली ती कॅन्टिलिव्हर पुलाची.

शब्द अवघड वाटला, तरी कल्पना घरगुती आहे. एका बोळात समोरासमोर दोन ओटे आहेत अशी कल्पना करा. प्रत्येक ओट्यावर एक लांब फळी अशी ठेवा, की तिचे टोक बोळात पुढे येईल. नुसती ठेवली तर ती कलंडेल. म्हणून तिच्या मागच्या टोकावर जड पाटा ठेवा. आता पुढच्या टोकावर भार दिला तरी फळी पडत नाही. दोन्ही ओट्यांवर असे केले, की मधे थोडे अंतर उरते. त्या दोन टोकांवर तिसरी फळी टेकवली, की बोळावर पूल तयार!

हावड्याचा पूल नेमका असाच आहे. ओट्यांच्या जागी काठावरचे सुमारे २८० फूट उंचीचे दोन मनोरे. त्यांच्यातले अंतर १५०० फूट. प्रत्येक मनोऱ्यातून ४६८ फुटांचा हात नदीवर पुढे आला आहे आणि या दोन हातांनी मधला ५६४ फुटांचा भाग उचलून धरला आहे. मागे जमिनीकडे ३२५ फुटांचे हात पायाला जखडलेले आहेत. तो आपला पाटा. आणि रस्ता? तो सांगाड्यावर ठेवलेला नाही, शिंक्यासारखा खाली टांगलेला आहे. त्यासाठी पोलादी हँगरच्या ३९ जोड्या आहेत.

बांधकामही तसेच झाले. दोन्ही काठांकडून सांगाडा पुढे सरकत आला. शेवटी दोन टोके जुळवायला प्रत्येकी ८०० टन ताकदीचे १६ जॅक लावावे लागले. सगळे जोडकाम रिव्हेटांचे आहे, नट-बोल्टचे नव्हे. एकूण २६,५०० टन पोलाद लागले. दुसरे महायुद्ध सुरू झाल्याने इंग्लंडचे पोलाद युद्धाकडे वळले आणि त्यातले २३,००० टन टाटांच्या कारखान्याने पुरवले. मुंबईहून येणारी आपली गाडी ज्या टाटानगरला थांबते, तिथलेच हे पोलाद. फेब्रुवारी १९४३ मध्ये पूल खुला झाला. डिसेंबर १९४२ मध्येच कोलकात्यावर जपानी बॉम्ब पडले होते. त्यामुळे उद्‌घाटनाचा गाजावाजा झाला नाही. १९६५ मध्ये त्याला ‘रवींद्र सेतू’ असे नाव मिळाले, पण लोकांच्या तोंडी हावडा पूलच राहिला.

युद्ध, वादळे, ट्राम, लाखो पावले हे सारे या पुलाने सोसले. त्याला खरा त्रास दिला तो मात्र आपल्या तोंडातल्या पानाने. हँगर जिथे पदपथाशी येतात, तिथे त्यांच्या बुडाला संरक्षणासाठी पोलादी आवरणे होती. येणारे-जाणारे नेमके तिथेच पिंक टाकत. पिंकेची ओल आणि तिच्यातली द्रव्ये पोलाद खातात. २००७ ते २०११ या चार वर्षांत ६ मिलिमीटर जाडीची ही आवरणे झिजून ३ मिलिमीटरच्याही खाली आली, असे तपासणीत दिसले. मग बंदर प्रशासनाने तिथे फायबर ग्लासची आवरणे बसवली.

ही बातमी वाचली तेव्हा मी वर्तमानपत्र मिटून ठेवले. कारण १९८७ च्या त्या सकाळी माझ्याही तोंडात स्टेशनाबाहेर घेतलेले पान होते. ज्या हँगरकडे मी कौतुकाने पाहत होतो, त्याच्याच बुडाशी मी पिंक टाकली होती. गंज कसा चढतो हे शिकलेला माणूस मी! ‘एवढ्याशाने या डोंगराला काय होणार?’ असे तेव्हा वाटले असेल. पण असे वाटणारा मी एकटा नव्हतो, रोज हजारो होते.

१९९२ मध्ये हुगळीवर विद्यासागर सेतू झाला. मार्च २०२४ पासून नदीच्या तळाखालून मेट्रोही धावते. तरी जुन्या पुलावरची गर्दी हटलेली नाही. पूल बांधणारे एकदाच येतात, तो सांभाळणारे मात्र रोज लागतात. आणि ते म्हणजे त्याच्यावरून चालणारे आपणच. आपल्या गावच्या पुलावरून जाताना कठड्याशी क्षणभर थांबा, तो कशाच्या आधाराने उभा आहे ते बघा. आणि तोंडात पान असेल, तर तेवढा पूल ओलांडेपर्यंत कळ काढा.

(आकाशवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)