लाल शाईतला बाख

१७३६ च्या सुमारास योहान सेबास्टियन बाखने येशूच्या यातनांची आणि मृत्यूची कथा गाणाऱ्या आपल्या ‘सेंट मॅथ्यू पॅशन’ची स्वच्छ प्रत स्वतःच्या हाताने लिहून काढली. दोन गायकवृंद, दोन वाद्यवृंद, जवळजवळ तीन तासांचं संगीत. त्यातले बायबलमधले शब्द त्याने लाल शाईने लिहिले. चर्चमध्ये बसलेल्यांना हा रंग दिसणार थोडाच होता!

ऐकणाऱ्यांसाठी त्याने दुसरी खूण ठेवली. येशू बोलू लागला, की तंतुवाद्यांचे लांब सूर त्याच्या शब्दांमागे प्रभावळीसारखे उभे राहतात. मात्र क्रुसावरून तो देवाला ‘मला का टाकलंस’ असं विचारतो, तेव्हा ही प्रभावळ नाहीशी होते. देव माणसाइतका एकटा पडला, हे सांगायला बाखला एकही जादा शब्द लागला नाही. हे पहिल्यांदा ध्यानात येतं तेव्हा अंगावर काटा येतो.

हा एकटेपणा त्याच्या ओळखीचा होता. दहा वर्षं पुरी होण्याआधीच आई-वडील गेले. १७२० मध्ये तो कार्ल्सबादहून परतला, तर पत्नी मारिया बार्बराचं दफनही उरकलं होतं. दोन लग्नांतल्या वीस मुलांपैकी दहाच मोठी झाली. तरी लायपझिगला सेंट थॉमसचा कँटर, म्हणजे संगीतप्रमुख, झाल्यावर, १७२३ पासूनची पहिली काही वर्षं, तो जवळजवळ दर रविवारी उपासनेत गायचा नवा कँटाटा उभा करत होता. अनेक हस्तलिखितांच्या माथ्यावर ‘येशू, साहाय्य कर’ आणि शेवटी ‘महिमा केवळ देवाचा’, अशा अर्थाची लॅटिन आद्याक्षरं आहेत.

त्याचं स्वतःचं बायबलही टिकलं आहे. धर्मपंडित अब्राहम कालोव्हने लूथरच्या विवेचनासह सिद्ध केलेले तीन खंड, त्यावर बाखची सही आणि १७३३ हे साल. १९३४ मध्ये ते थेट अमेरिकेतल्या मिशिगनमध्ये, एका कुटुंबाकडे सापडले! त्यांच्या समासात हाताने लिहिलेल्या टिपा खरंच बाखच्या का, हे पाहायला पुढे कॅलिफोर्नियात डेव्हिसच्या प्रयोगशाळेत कागदावर प्रोटॉनांचा झोत सोडला गेला, आणि शाई बाखच्या शाईशी जुळली.

जेरुसलेमच्या मंदिरात गायक-वादक एकसुरात स्तुती करतात आणि मंदिर देवाच्या तेजाने भरून जातं, त्या प्रसंगाशेजारी बाखने लिहिलं आहे, की भक्तीने संगीत होतं तिथे देव आपल्या कृपेसह कायम हजर असतो. पण मला त्याहून जवळच्या वाटतात त्या त्याच्या साध्या दुरुस्त्या. छपाईत जिथे शब्द गळले होते, तिथे त्याने ते स्वतःच्या हाताने भरले आहेत.